दहा सुया म्हणजे किती दिवस? रक्त पातळ करायच्या इंजेक्शनचा हिशेब घरी निघण्याआधी करा

महाड-पोलादपूर: पाय मोडून ऑपरेशन झालेलं असो, पायाच्या शिरेत गुठळी झालेली असो, हृदयाचा त्रास असो की बाळंतपणातली अडचण, आजकाल मोठ्या दवाखान्यातून घरी सोडताना अनेकांच्या चिठ्ठीवर पोटात घ्यायची सुई लिहिलेली असते. लोक तिला "रक्त पातळ करायचं इंजेक्शन" म्हणतात. ऑपरेशन पनवेलला, मुंबईला नाहीतर पुण्याला होतं. उरलेल्या सुया मात्र आपल्या वाडीवर, आपल्याच माणसांनी द्यायच्या असतात. आणि नेमका तिथेच हिशेब चुकतो.

आमच्या घरात तो चुकला, म्हणून हे लिहितोय. मी डॉक्टर नाही, फार्मसी शिकलेलो नाही. डोस किती, किती दिवस, हे डॉक्टरच ठरवणार. मी सांगतोय तो फक्त सुया मोजायचा हिशेब. तो कुणालाही जमतो, पण वेळेवर कुणी करत नाही.

माझे काका पोलादपूर तालुक्यात वरच्या वाडीला राहतात. लावणीच्या दिवसांत बांधावरून घसरले, पाय मोडला, प्लास्टर झालं. तीन आठवड्यांनी पोटरी सुजून कडक झाली. शहरातल्या दवाखान्यात सोनोग्राफी केली तर शिरेत गुठळी. चार दिवस ठेवून गुरुवारी दुपारी घरी सोडलं. चिठ्ठीवर इंग्रजीत होतं, एनॉक्सापॅरिन ६० एमजी, एससी, बीडी, ५ दिवस. सोबत संध्याकाळी घ्यायची एक गोळी, आणि बुधवारी सकाळी ११ वाजता रक्त तपासून दाखवायला यायचं. चुलतभावाने तिथल्याच मेडिकलमधून दहा सुया घेतल्या, काका-काकूंना घरी पोचवलं आणि शुक्रवारी रात्रीच्या गाडीने मुंबई गाठली. सुट्टी संपली होती.

रविवारी दुपारी मी भेटायला गेलो. काकू म्हणाली, "रोज संध्याकाळी दिवाबत्तीच्या टायमाला देते बघ. दहा सुया आहेत, दहा दिवस पुरतील. महाग आहेत रे, नीट पुरवायला पाहिजेत." वहिनीला दवाखान्यातल्या सिस्टरने सुई द्यायला शिकवलं होतं, तिने काकूला शिकवलं होतं. हात अगदी बरोबर बसला होता. पण खोक्यात सात सुया होत्या. बीडी म्हणजे दिवसातून दोनदा. गुरुवार संध्याकाळी एक, शुक्रवारी दोन, शनिवारी दोन, रविवारी सकाळी एक, अशा सहा जायला हव्या होत्या आणि चार उरायला हव्या होत्या. तीन सुया चुकल्या होत्या. पायाची सूज पुन्हा मांडीपर्यंत चढलेली दिसत होती.

दवाखान्यात फोन लावला. डॉक्टर म्हणाले, आता एक द्या, चुकलेल्या भरून काढायला दोन एकदम देऊ नका, पुढे दर बारा तासांनी द्या, आणि बुधवारची वाट न बघता उद्याच घेऊन या. सोमवारी तपासलं तर गुठळी वर सरकलेली. परत चार दिवस भरती. काका आज काठी टेकत गोठ्यापर्यंत जातात, तेवढं आमचं नशीब. गुठळीचा तुकडा सुटून फुप्फुसात गेला असता तर ही बातमी मी वेगळ्या मथळ्याने लिहिली असती.

यात काकूची चूक काय म्हणायची? दहा सुया दिल्यावर दहा दिवस असं कुणालाही वाटेल. गोळ्यांचं पाकीट आपण तसंच समजतो.

चिठ्ठीवरची अक्षरं

आधी ती अक्षरं समजून घेऊ. "ओडी" म्हणजे दिवसातून एकदा. "बीडी" म्हणजे दिवसातून दोनदा, बारा तासांच्या अंतराने. काही डॉक्टर "क्यू १२ एच" लिहितात, तेही दर बारा तासांनीच. काही जण १-०-१ लिहितात, म्हणजे सकाळी एक, दुपारी नाही, रात्री एक. "एससी" म्हणजे कातडीखाली. ही सुई दंडात किंवा कमरेत खोल द्यायची नसते, पोटाच्या चरबीत द्यायची असते.

मग येतो आकडा. भरलेल्या सिरिंजवर दोन आकडे असतात आणि तिथे लोक गोंधळतात. ४० एमजी आणि ०.४ मिली. ६० एमजी आणि ०.६ मिली. २० ची ०.२, ८० ची ०.८. एमजी म्हणजे औषध किती, मिली म्हणजे पाणी धरून एकूण किती. दोन्ही आकडे एकाच सुईचे. एका गावकऱ्याने मला चिठ्ठी दाखवली होती, त्यावर ०.४ चा टिंब पेनाच्या घाईत दिसेनासा झाला होता आणि घरच्यांना वाटलं चार सुया लिहिल्यात. ०.४ म्हणजे चार नव्हे. त्या एका सुईत साधारण दहा थेंबांहून कमी औषध असतं, एवढंच त्याचा अर्थ. दहा सुयांचं सगळं औषध एकत्र केलं तरी ४ मिली, म्हणजे चहाचा एक लहान चमचासुद्धा भरत नाही. म्हणून मिली मोजत बसू नका. सुया मोजा.

खोकीही मोजू नका. कुठल्या खोक्यात एक सुई असते, कुठल्यात दोन. "पाच बॉक्स दिलेत" असं मेडिकलवाल्याने सांगितलं तर खोकी उघडून आतल्या सुया काउंटरवर मांडून मोजा. लाजायचं काही कारण नाही, पैसे आपले जातात. एका सुईची किंमत कित्येकदा आपल्याकडच्या दिवसभराच्या मजुरीएवढी असते.

सोपा गुणाकार, सोपा भागाकार

हिशेब एवढाच: दिवसाला किती सुया, गुणिले किती दिवस. ओडी असेल आणि डॉक्टरांनी २८ दिवस सांगितले तर २८ सुया. बीडी असेल आणि ५ दिवस तर १० सुया. उलटा हिशेब, म्हणजे हातात किती दिवसांचं औषध आहे: हातातल्या सुया भागिले दिवसाच्या सुया. काकांच्या दहा सुया भागिले दोन, पाच दिवस.

खुब्याचं ऑपरेशन झालेल्यांना ही सुई महिनाभर, कधी ३५ दिवसांपर्यंतही देतात. गुडघ्याचं असेल तर बहुतेक वेळा दोन आठवड्यांच्या आत संपते. काही बायांना गरोदरपणात रोज घ्यावी लागते आणि बाळंतपणानंतरही सहा आठवडे. सहा आठवडे म्हणजे ४२ दिवस, ओडी असेल तर ४२ सुया. एवढ्या एकदम घ्यायला पैसे नसतात हे मला माहीत आहे. मग निदान दहा-दहाच्या टप्प्याने घ्या, पण पुढचा टप्पा कधी घ्यायचा ती तारीख आधीच भिंतीवर लिहा. शेवटची सुई दिल्यावर मेडिकलला निघायचं, ही सवय गोळ्यांना कदाचित चालेल, या सुईला नाही. गरोदरपणात वजन वाढतं तसा डॉक्टर डोसही बदलू शकतात. त्यामुळे तिथे पुढच्या तपासणीपर्यंत पुरतील एवढ्याच घेणं बरं.

आता दिवस मोजायची भानगड. "पाच दिवस" कुठून मोजायचे? काकांचंच उदाहरण घ्या. गुरुवारची सकाळची सुई दवाखान्यात दिलेली होती. घरची पहिली गुरुवारी संध्याकाळी. म्हणजे गुरुवारी १, शुक्रवार, शनिवार, रविवार, सोमवार प्रत्येकी २ म्हणजे ८, झाल्या ९, आणि दहावी मंगळवारी सकाळी. पण दाखवायला जायचं होतं बुधवारी सकाळी ११ वाजता. मंगळवार संध्याकाळची आणि बुधवार सकाळची सुई कुठून आणणार होते? काकूने अगदी बरोबर दिल्या असत्या तरी दोन कमी पडल्या असत्या. म्हणजे आमच्या घरात एक नाही, दोन हिशेब चुकले होते. दुसरा कुणाच्या लक्षातही आला नाही. बारा सुया घ्यायला हव्या होत्या.

म्हणून निघण्याआधी डॉक्टरांना किंवा सिस्टरला एक प्रश्न विचारा: "आजची शेवटची सुई तुम्ही दिलीत का, आणि पुढची किती वाजता?" दुसरा प्रश्न: "पुढच्या भेटीच्या दिवशी सकाळी द्यायची का?" या दोन उत्तरांवर आकडा फिरतो.

गोळी सोबत असेल तर दिवस वाढू शकतात

काकांना सुईबरोबर गोळी होती. ही गोळीही रक्त पातळ करते, पण ती सुरू झाल्यावर लगेच काम करत नाही. काही दिवस लागतात. तेवढे दिवस सुईने सांभाळायचं असतं. वॉरफरिन किंवा असिट्रोमसारखी गोळी असेल तर साधारण नियम असा की सुई आणि गोळी दोन्ही कमीत कमी पाच दिवस सोबत चालतात, आणि रक्ताच्या आयएनआर नावाच्या तपासणीत आकडा २ किंवा वर येऊन निदान एक दिवस तिथे टिकला की मगच डॉक्टर सुई बंद करतात. पाचव्या दिवशी आकडा १.५ आला तर सुई पुढे चालू. सहा दिवस, सात दिवस, आठही होतात.

म्हणजे चिठ्ठीवरचे "५ दिवस" हे कमीत कमी पाच. तपासणीच्या दिवशी सुया संपलेल्या आणि डॉक्टर म्हणतात अजून तीन दिवस, मग धावपळ. नव्या पद्धतीच्या काही गोळ्यांना सुईची सोबत लागत नाही किंवा वेगळ्या पद्धतीने लागते, त्यामुळे आपली गोळी कोणती ते विचारून घ्या. सुया संपल्या म्हणून आपण होऊन सुई बंद करायची आणि गोळीवर राहायचं, हे करू नका.

वजनावरचा डोस आणि उरलेलं औषध

गुठळी झालेली असेल तर ही सुई बहुतेक वेळा वजनावर देतात, एका किलोला १ एमजी, दिवसातून दोनदा. काकांचं वजन साठ, म्हणून ६० एमजी. गुठळी होऊ नये म्हणून आधीच द्यायची असेल, ऑपरेशननंतर देतात तशी, तर बहुतेकांना ४० एमजी दिवसातून एकदा. मूत्रपिंड कमजोर असेल तर डोस कमी होतो किंवा दोनदाच्या ऐवजी एकदा. म्हणून शेजारच्याची चिठ्ठी बघून आपला हिशेब करू नये. त्यांची ओडी असेल, आपली बीडी.

आता ७० किलोच्या माणसाचं बघा. ७० एमजीची भरलेली सुई मिळत नाही. ८० ची घ्यायची, त्यातलं ०.१ मिली म्हणजे १० एमजी आधी बाहेर टाकायचं आणि मग टोचायची. ६० आणि ८० च्या सुईवर त्यासाठी रेघा असतात. कुठल्या रेघेपर्यंत टाकायचं ते सिस्टरकडून मार्कर पेनने खूण करून घ्या. २० आणि ४० च्या सुईवर साधारणपणे अशा रेघा नसतात, ती पूर्ण द्यायची म्हणूनच बनवलेली असते.

इथे हुशार माणूस फसतो. तो म्हणतो, दहा सुयांमध्ये ८०० एमजी आहे, मला रोज १४० लागतं, म्हणजे साडेपाच दिवसांच्या वर पुरेल. नाही पुरणार. बाहेर टाकलेलं १० एमजी गेलं. ते दुसऱ्या सिरिंजमध्ये साठवायचं नाही, वाटीत तर नाहीच. भरलेली सुई एकदाच वापरायची, उरलेलं फेकायचं. तिच्यात जंतू वाढू नयेत असं काही घातलेलं नसतं. दहा सुया म्हणजे बीडीला पाच दिवस, मग आत कितीही एमजी असो.

उलटंही होतं. मेडिकलमध्ये ८० ची नाही, ४० च्या आहेत. डॉक्टरांना फोन करून त्यांनी हो म्हटलं तर एका वेळी ४० च्या दोन द्याव्या लागतात. मग दिवसाला चार सुया, पाच दिवसांना वीस. टोचणंही दुप्पट. अशा वेळी दहा घेऊन निघालात तर अडीच दिवसांत संपतील.

कुपी असेल तर सावध

काही ठिकाणी भरलेल्या सुईऐवजी हेपॅरिनची काचेची कुपी देतात, त्यातून सिरिंजने ओढून घ्यायचं. हेपॅरिन हे जुनं औषध, अमेरिकेत १९१६ साली सापडलेलं आणि आजही डुकराच्या आतड्याच्या अस्तरापासून बनवलं जातं. एनॉक्सापॅरिन त्याचंच पुढचं रूप. ज्यांना यावरून काही अडचण असेल त्यांनी डॉक्टरांशी आधीच बोलावं.

हेपॅरिन एमजीत नाही, युनिटमध्ये मोजतात. आणि सारख्याच दिसणाऱ्या ५ मिलीच्या दोन कुप्या येतात. एकीत प्रत्येक मिलीत १००० युनिट, म्हणजे पूर्ण कुपीत ५०००. दुसरीत प्रत्येक मिलीत ५००० युनिट, म्हणजे पूर्ण कुपीत २५,०००. डॉक्टरांनी एका वेळी ५००० युनिट सांगितलं असेल तर पहिली कुपी एका वेळेलाच संपते. दुसरीतून एका वेळी फक्त १ मिली, म्हणजे पाच वेळा. बीडी असेल तर अडीच दिवस, पाच दिवसांना दोन कुप्या. या दोघींची अदलाबदल झाली आणि पहिलीसारखी समजून दुसरी पूर्ण दिली तर पाचपट औषध अंगात जाईल. हा प्रकार घरी करण्यासारखा नाही. कुपी असेल तर सिस्टरच्याच हातून घ्या, आणि हिशेबापुरतं कुपीवरचं "प्रति मिली किती" हे वाचा.

एनॉक्सापॅरिनचीही ३०० एमजीची, ३ मिलीची कुपी येते. रोज ४० एमजी घेणाऱ्याला ती सात दिवस जाते आणि २० एमजी उरतं, जे एका डोसाला अपुरं. म्हणून हिशेबात सात धरा, साडेसात नाही. कुपी उघडली त्या दिवसाची तारीख तिच्यावर लिहा, उघडल्यापासून २८ दिवसांनंतर ती वापरत नाहीत.

मेडिकलवाला कंपनी बदलून देत असेल तर औषधाचं नाव वाचा, कंपनीचं नंतर. एनॉक्सापॅरिनच्या जागी एनॉक्सापॅरिन आणि तेवढेच एमजी असतील तर डॉक्टरांना एकदा विचारून घेता येईल. पण डाल्टेपॅरिन किंवा फोंडापॅरिनक्स ही वेगळी औषधं आहेत. फोंडापॅरिनक्स अडीच एमजीची असते, एनॉक्सापॅरिन चाळीसची. आकड्याला आकडा लावून यांची बदली होत नाही.

आपल्याकडे पाऊस हाही हिशेबात धरावा लागतो

शहरातला डॉक्टर "संपली की घ्या" म्हणतो ते त्याच्या जागी बरोबर आहे, त्याच्या दवाखान्याखालीच मेडिकल असतं. आपल्याकडे वरच्या वाडीतून पोलादपूरला उतरायचं, तिथे नाही मिळाली तर महाड, तिथेही ६० ची नसली तर माणगाव. ही सुई प्रत्येक मेडिकलमध्ये ठेवलेली नसते, मागवावी लागते. शनिवारी संध्याकाळी मागवलेली सोमवारी येते.

आणि जुलै-ऑगस्टमध्ये रस्ताच राहील याची खात्री नाही. २२ जुलै २०२१ चा दिवस कोण विसरेल? महाडच्या बाजारपेठेत सावित्रीचं पाणी शिरलं, दुकानांतला माल गेला, त्यात मेडिकलही आली. त्याच दिवशी तळियेवर दरड आली. पोलादपूरकडे केवनाळे, सुतारवाडीला तेच झालं. आंबेनळी घाट बंद पडला. त्या आठवड्यात ज्या घरात अशी सुई चालू असेल त्या घराने काय केलं असेल, हा विचार मी काकांच्या प्रसंगानंतर करायला लागलो. वरंध घाटही पावसाळ्यात बंद ठेवायची वेळ येतेच, म्हणजे पुण्याहून औषध आणायचं तर लांबचा फेरा.

त्यामुळे पावसाच्या चार महिन्यांत मोजलेल्या आकड्यावर दोन दिवसांच्या सुया जास्त घ्याव्यात, असं माझं मत. ओडीला दोन, बीडीला चार. खर्च वाढतो, कबूल. बिल जपून ठेवा आणि न उघडलेल्या सुया परत घेणार का ते घेतानाच विचारा, काही दुकानदार घेतात. एक्सपायरीची तारीखही तेव्हाच बघा.

महात्मा फुले जनआरोग्य योजनेत ऑपरेशन झालं असेल तर एक गोष्ट लक्षात ठेवा. योजनेच्या पॅकेजमध्ये घरी सोडल्यानंतरच्या १० दिवसांचा औषधोपचार धरलेला असतो. दवाखान्यातल्या आरोग्यमित्राला डिस्चार्जच्या आदल्या दिवशीच विचारा की या सुया त्यात मिळणार का. मिळणार असतील तर पुन्हा तोच गुणाकार करा: दहा दिवस, बीडी, म्हणजे वीस. हातावर दहाच ठेवल्या तर तिथेच विचारा. घरी परतायच्या एसटीच्या भाड्याची तरतूदही त्या पॅकेजमध्ये आहे, तेही विचारायला हरकत नाही. योजनेत नसाल तर जन औषधी केंद्रात चौकशी करा, आणि छापील किमतीपेक्षा एक रुपयाही जास्त देऊ नका.

पुरवून पुरवून देऊ नका

काकूने जे केलं ते काटकसरीने केलं. आपल्याकडे युरियाची गोणी, रॉकेल, औषध, सगळंच पुरवून वापरायची सवय. पण या सुईचा जोर साधारण बारा तासांचा. दोनदाची एकदा केली की रोज अर्धा दिवस रक्त पुन्हा गोठायला मोकळं. शेतात रोज दोनदा पाणी लागणाऱ्या रोपाला एकदाच दिलं तर पाणी वाचत नाही, रोप जातं.

एखादी चुकलीच तर आठवल्याबरोबर द्या. पुढच्या सुईची वेळ जवळ आली असेल तर आधी फोन करा. दोन एकदम कधीच नाही, कारण जास्त झाली तर रक्तस्राव होतो. हिरड्यांतून, लघवीतून रक्त, काळी शी, न थांबणारा घोळणा, डोक्यात जोराची कळ किंवा डोक्याला मार, यातलं काही दिसलं तर सरळ दवाखाना. अचानक दम लागला, छातीत दुखलं, खोकल्यातून रक्त आलं तर १०८ ला फोन. अंगदुखीची गोळी मेडिकलमधून आपल्या मनाने घेऊ नका, त्यातल्या बऱ्याच गोळ्या रक्तस्राव वाढवतात. आणि सुजलेला पाय तेल लावून चोळू नका. वाडीवर कुणीतरी जाणता चोळून देतो म्हणतो, त्याला चहा पाजा आणि परत पाठवा.

सुई द्यायची जागा बेंबीपासून चार बोटं लांब, एकदा डावीकडे, एकदा उजवीकडे. चिमटीत कातडी धरून सरळ टोचायची, नंतर जागा चोळायची नाही. पूर्ण सुई द्यायची असेल तर आतला हवेचा बुडबुडा काढू नका, त्याच्या नादात औषध जातं. थोडं निळं पडतं, त्याला घाबरू नका. सुया २५ अंशांखाली, सावलीत ठेवायच्या. लोक सवयीने फ्रीजरमध्ये ठेवतात, गोठली की वाया. एप्रिल-मेमध्ये कौलाखालच्या फळीवर ठेवू नका, घरातला थंड कोपरा बघा.

काकूने आता भिंतीवरच्या कॅलेंडरवर पद्धत केली आहे. प्रत्येक तारखेच्या चौकोनात सकाळचा एक गोल, संध्याकाळचा एक. सुई दिली की गोल भरायचा. दुसऱ्या वेळी दवाखान्यातून आले तेव्हा सोबत १६ सुया होत्या, पुढच्या भेटीपर्यंत १२ आणि पावसाच्या ४. काकू रोज रात्री उरलेल्या मोजायची आणि मुंबईला फोनवर आकडा सांगायची. पुढच्या भेटीत आयएनआर बरोबर आला आणि सुई बंद झाली, तेव्हा चार उरल्या होत्या. त्यातल्या दुकानदाराने तीन परत घेतल्या. एकीचं खोकं काकूने नाव वाचायला म्हणून फाडलं होतं. वापरलेल्या सुया तिने तेलाच्या रिकाम्या प्लास्टिकच्या कॅनमध्ये झाकण लावून ठेवल्या होत्या. त्या मी उपकेंद्रातल्या सिस्टरकडे नेऊन दिल्या.